मल्याळी सिनेमातलं दोन धर्मांचं प्रेम एवढं खरं का वाटतं?

नोव्हेंबर २०२५ मध्ये केरळ हायकोर्टात एका लव्हस्टोरीचा निकाल लागला. सिनेमाचं नाव ‘हाल’, हिरो शेन निगम, गोष्ट मुस्लिम मुलगा आणि ख्रिश्चन मुलगी यांची. सेन्सॉर बोर्डाने बरेच कट सुचवले होते, त्यात बीफ बिर्याणीचा सीनसुद्धा होता, मग निर्माते कोर्टात गेले, न्यायाधीशांनी आधी स्वतः सिनेमा बघितला आणि मग बोर्डाचा निर्णय रद्द करून पुन्हा विचार करायला सांगितलं. ही बातमी आमच्या कॉलेजच्या ग्रुपवर आली आणि एका मैत्रिणीने विचारलं, अगं या मल्याळी लोकांना दोन धर्मांच्या एवढ्या लव्हस्टोऱ्या सुचतात कशा, आणि त्या फिल्मी का वाटत नाहीत, आपल्या शेजारच्या बिल्डिंगमध्ये घडल्यासारख्या का वाटतात?

प्रश्न एकदम बरोबर आहे. मी गेली दहाएक वर्षं सबटायटल लावून हे सिनेमे बघतेय आणि मला जे कळलंय ते थोडक्यात असं, की या सिनेमांमध्ये धर्म देवळात-मशिदीत-चर्चमध्ये फार दिसत नाही, तो दिसतो घराच्या पत्त्यात, बोटीच्या वेळेत, एकमेकांना हाक मारण्यात, सरकारी ऑफिसातल्या नोटीस बोर्डावर. आणि खऱ्या आयुष्यात प्रेम करणाऱ्यांना तो तिथेच आडवा येतो. आता हे जरा सुरुवातीपासून सांगते. काही सिनेमांचे शेवट यात येतील, त्यामुळे ज्यांना बघायचेत त्यांनी आधी बघून घ्या.

आधी केरळचं गणित

२०११ च्या जनगणनेप्रमाणे केरळमध्ये हिंदू साधारण ५५ टक्के, मुस्लिम २७ टक्क्यांच्या जवळ आणि ख्रिश्चन १८ टक्के. म्हणजे तिन्ही समाज भरपूर संख्येने आहेत, आणि बऱ्याच गावांत अगदी शेजारीशेजारी आहेत. शाळेत एकाच बाकावर, बसमध्ये एकाच दांड्याला धरून, फुटबॉलच्या मॅचला एकाच गर्दीत. आपल्याकडे अनेक गावांत दुसऱ्या धर्माचा माणूस लांबच्या आळीत असतो, तिथे तो कंपाउंडच्या भिंतीपलीकडे असतो, त्यामुळे ओळख, मैत्री, एकमेकांच्या सणाला जेवायला जाणं हे रोजचं आहे.

पण लग्न आलं की गाडी थांबते. आणि हे फक्त केरळचं नाही. प्यू रिसर्च सेंटरचा २०२१ चा भारतावरचा अहवाल आहे, जवळजवळ ३० हजार लोकांशी बोलून केलेला, त्यात ६७ टक्के हिंदू आणि ८० टक्के मुस्लिम म्हणाले की आपल्या धर्मातल्या बायकांनी बाहेर लग्न करू नये, हे थांबवणं खूप महत्त्वाचं आहे. आणि प्रत्यक्षात लग्न झालेल्यांमध्ये ९९ टक्के हिंदूंचा जोडीदार हिंदूच, ९८ टक्के मुस्लिमांचा मुस्लिमच.

एवढी जवळीक आणि एवढी बंदी, दोन्ही एकाच गल्लीत. मल्याळी लेखकाला गोष्ट शोधायला लांब जावं लागत नाही ते यामुळे.

‘रिअलिस्टिक’ म्हणजे नक्की काय?

साधारण २०११ पासून मल्याळम सिनेमात जी लाट आली तिला तिकडे ‘न्यू जनरेशन’ म्हणतात. स्टारच्या एंट्रीला शिट्ट्या, लांबलचक डायलॉग, स्वित्झर्लंडमधलं गाणं हे सगळं मागे पडलं आणि खऱ्या जागा, खरे कपडे, माणसं बोलतात तसं बोलणं पुढे आलं. संथ, साध्या, रोजच्या जगण्याच्या सिनेमाला तिकडचे प्रेक्षक ‘प्रकृती पडम’ म्हणतात, पडम म्हणजे सिनेमा. यातली एक तांत्रिक गोष्ट तेवढी सांगते, सिंक साउंड. म्हणजे नंतर स्टुडिओत बसून डबिंग न करता शूटिंगच्या जागेवरच आवाज रेकॉर्ड करणं. ऐकायला छोटी गोष्ट आहे, पण त्यामुळे बोटीचं इंजिन, मागून येणारी अजान, दुसऱ्या बाजूने वाजणारी चर्चची घंटा हे सगळं संवादात मिसळतं आणि तुम्हाला कुणी सांगावं लागत नाही की आपण कुठल्या वस्तीत आहोत.

याचं मला सगळ्यात आवडणारं उदाहरण म्हणजे राजीव रवीचा ‘अन्नयुम रसूलुम’, २०१३ चा. रसूल म्हणजे फहाद फासिल, कोचीचा मुस्लिम टॅक्सी ड्रायव्हर. अन्ना म्हणजे अँड्रिया जेरेमाया, पलीकडच्या वायपिन बेटावरची ख्रिश्चन मुलगी, एर्नाकुलममध्ये साडीच्या दुकानात सेल्सगर्ल. ती रोज बोटीने कामाला जाते. तो तिच्यासाठी त्याच बोटीत चढतो. बस, एवढीच लव्हस्टोरी कितीतरी वेळ चालते, ती उभी असते, तो लांबून बघत असतो, पाणी मागे सरकत असतं, आजूबाजूला ऑफिसला जाणारी माणसं. दोघांकडे एकत्र राहायला जागा कुठली आहे? ना त्याची गल्ली, ना तिचं बेट. मधली बोटच काय ती दोघांची, तीसुद्धा किनारा येईपर्यंत.

यात एक अवांतर गोष्ट सांगाविशी वाटते. केरळातल्या कापडाच्या मोठ्या दुकानांमध्ये सेल्सगर्लना दिवसभर बसायची परवानगी नसायची, बायकांनी त्यासाठी आंदोलनं केली आणि २०१८ मध्ये कायदा बदलून बसायचा हक्क मिळाला. अन्ना त्याच्या पाच वर्षं आधीची. हे कळल्यावर मी तो सिनेमा परत बघितला, आणि बोटीत तिच्या चेहऱ्यावर जो थकवा आहे ना, तो मला वेगळाच दिसला. हिरो जिला स्वप्नातली परी समजतो ती प्रत्यक्षात दिवसभर उभी राहून पाय दुखलेली मुलगी आहे, आणि सिनेमा दोन्ही गोष्टी एकाच फ्रेममध्ये ठेवतो.

सबटायटलमध्ये हरवणारी गोष्ट

ही गोष्ट मला खूप उशिरा कळली. आमच्या मजल्यावर एक मल्याळी काकू राहतात, त्यांच्यासोबत एकदा सिनेमा बघत होते आणि मी विचारलं की हा मुलगा हिंदू आहे का ख्रिश्चन, नाव तर पूर्ण सांगितलंच नाही. काकू म्हणाल्या, अगं त्याने वडिलांना हाक मारली ना आत्ता, त्यावरून कळलं की.

तर मल्याळममध्ये हिंदू घरात वडिलांना साधारणपणे ‘अच्छन’ म्हणतात, बऱ्याच ख्रिश्चन घरांत ‘अप्पन’ किंवा ‘अप्पच्चन’, मुस्लिम घरांत ‘उप्पा’ किंवा ‘वाप्पा’. आई म्हणजे ‘अम्मा’, ‘अम्मच्ची’, ‘उम्मा’. मोठ्या भावाला हिंदू घरात ‘एट्टन’ किंवा ‘चेट्टन’, मुस्लिम घरात ‘इक्का’. म्हणूनच मोहनलालला चाहते ‘लालेट्टन’ म्हणतात आणि मामुट्टीला ‘मम्मुक्का’. बायकासुद्धा नवऱ्याला, प्रियकराला याच शब्दांनी हाक मारतात. आता विचार करा, एखादी हिंदू मुलगी पहिल्यांदा एखाद्या मुलाला ‘इक्का’ म्हणते तेव्हा मल्याळी थिएटरमध्ये प्रत्येकाला कळतं की हिने मनातल्या मनात उंबरा ओलांडला, आणि आपल्या सबटायटलमध्ये तिथे फक्त मुलाचं नाव येतं, नाहीतर काहीच येत नाही.

आपल्याकडे ‘आई’, ‘आये’, ‘माय’, ‘अम्मी’ यातून घर कळतं, ‘पाणी’ आणि ‘पानी’ यातून लोक माणसाला जोखतात, तसंच हे. त्यामुळे या सिनेमांना धर्मावर भाषण द्यायची गरजच पडत नाही. हाक पुरते.

पूर्वी आड कोण यायचं?

दोन धर्मांच्या प्रेमाची गोष्ट मल्याळममध्ये नवीन अजिबात नाही. १९६५ चा ‘चेम्मीन’ घ्या, रामू करियातचा, तकळी शिवशंकर पिळ्ळै यांच्या कादंबरीवरचा, दक्षिणेतल्या सिनेमाला पहिल्यांदा राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं ते याला. करुत्तम्मा ही कोळ्याची पोर आणि परीकुट्टी हा मुस्लिम व्यापारी. तिथे आड येते ती कडलम्मा, समुद्रदेवी. श्रद्धा अशी की कोळीण घरी निष्ठेने राहिली तरच समुद्रावर गेलेला नवरा जिवंत परत येतो. म्हणजे प्रेमाची शिक्षा खुद्द समुद्र देणार. शेवटी दोघांचे मृतदेह किनाऱ्यावर लागतात.

मग १९९७ चा फाझिलचा ‘अनियत्तिप्रावु’. हिंदू सुधी, ख्रिश्चन मिनी, पळून जातात, पण आईवडिलांची माया आठवून परत फिरतात, एकमेकांना सोडायला तयार होतात, आणि मग घरच्यांचंच मन विरघळतं. हिंदीत याचाच ‘डोली सजा के रखना’ झाला. इथे देवी बाजूला झाली, आड आलं कुटुंब, आणि तोडगाही कुटुंबानेच दिला. बघायला गोड आहे, मी आजही रडते, पण हा तोडगा प्रेक्षकाला सांगतो की तुम्ही त्याग करा मग मोठी माणसं आपणहून हो म्हणतील. प्रत्यक्षात किती जणांची मोठी माणसं हो म्हणाली?

२००६ च्या ‘क्लासमेट्स’मधली रसिया मला इथे आठवते. कॉलेजमधली बुरखा घातलेली मुलगी, मुरलीवर प्रेम करणारी, आणि ते प्रेम इतकं गुपित की प्रेक्षकालाही शेवटापर्यंत कळत नाही. ती आधीपासून प्रत्येक सीनमध्ये असते. आपणच तिच्याकडे बघत नाही.

आता आड येतो तो कागद

नव्या सिनेमांनी जो खरा बदल केला तो इथे आहे. त्यांनी विचारलं, बरं, घरचे नाही म्हणाले, दोघं सज्ञान आहेत, मग पुढे काय होतं, त्या दिवशी सकाळी दहा वाजता ते दोघं नक्की कुठे जातात?

हे कळायला थोडा कायदा. हिंदू विवाह कायद्याने लग्न करायचं तर दोघंही त्या कायद्याच्या अर्थाने हिंदू हवेत. चर्चमध्ये करायचं तर, कॅथलिकांचं उदाहरण घेतलं तर, बाप्तिस्मा न झालेल्या जोडीदारासाठी बिशपची खास परवानगी लागते. निकाहाचे आपले नियम, मुस्लिम मुलीचं बिगरमुस्लिमाशी लग्न त्यात बसत नाही. म्हणजे बहुतेक वेळा एक तर कुणीतरी धर्म बदला, नाहीतर १९५४ चा विशेष विवाह कायदा वापरा, ज्यात कुणालाच धर्म बदलावा लागत नाही. फक्त अट अशी, की ३० दिवस आधी नोटीस द्यायची, ती नोटीस ऑफिसात सगळ्यांना दिसेल अशी लावतात, त्या काळात कुणीही हरकत घेऊ शकतं. हरकतीची कारणं कायद्यात मोजकी आहेत, वय, आधीचं लग्न, जवळचं नातं, मानसिक स्थिती अशी. आईवडिलांना पसंत नाही हे कारण त्यात नाही.

पण नोटीस वाचणाऱ्याला कायद्याशी काय देणंघेणं? त्याला नाव आणि पत्ता पुरतो. माझ्या एका मैत्रिणीने असंच लग्न केलं, आपल्या महाराष्ट्रातच, ऑफिसचं नाव सांगत नाही. नोटीस लागल्याच्या चौथ्या दिवशी तिच्या मामांना कुणीतरी त्या कागदाचा फोटो पाठवला. पुढचे २६ दिवस ती तीन वेगवेगळ्या घरांत झोपली. ती सांगते की मला लग्नाचा दिवस नीट आठवत नाही गं, पण त्या बोर्डाच्या काचेवरचा टेपचा तुकडा अजून डोळ्यासमोर आहे. केरळमध्ये तर या नोटिसा वेबसाइटवर जायच्या आणि तिथून उचलून सोशल मीडियावर फिरवल्या जायच्या, म्हणून २०२० मध्ये सरकारने त्या वेबसाइटवर टाकणं थांबवलं.

आता याच्या जोडीला समाजाचा कागद. केरळमध्ये मुस्लिमांच्या मशिदीशी जोडलेल्या महल्लु कमिट्या असतात, ख्रिश्चनांची पॅरिश असते, हिंदूंच्या जातनिहाय संघटना आहेत, नायरांची एनएसएस, ईळवांची एसएनडीपी. मी हे असं समजून घेतलं की ही हाउसिंग सोसायटी आहे. फ्लॅट तुमचा असला तरी विकताना सोसायटीचं एनओसी मागतात ना, तसं लग्नाचं पत्र, मेल्यावर दफनाची जागा, सगळ्याला या सोसायटीचं एनओसी. तुम्ही देव मानता का हे कुणी विचारत नाही, पण मेंबरशिप गेली की आईच्या शेजारी पुरायलासुद्धा जागा मिळेल की नाही ही भीती असते. आणि बंडखोर मुलालासुद्धा घरच्यांच्या डोळ्यात ही भीती दिसते तेव्हा त्याचे पाय अडखळतात.

या सगळ्याचा सिनेमा म्हणजे शानवास बावकुट्टीचा ‘किस्मत’, २०१६ चा, मलप्पुरम जिल्ह्यातल्या पोन्नानीमधला, खऱ्या घटनेवर आधारलेला. इरफान २३ वर्षांचा, बड्या मुस्लिम घरातला. अनिता २८ वर्षांची, दलित, संशोधन करणारी. दोघं पोलीस स्टेशनमध्ये जातात, संरक्षण मागायला. आणि सिनेमाचा मोठा भाग तिथेच आहे, बाकावर. फोन वाजतात, माणसं येतात जातात, सब-इन्स्पेक्टर प्रश्न विचारतो आणि प्रत्येक प्रश्नात थोडा अपमान मिसळलेला, नातेवाईकांना आत बोलावून घेतलं जातं, आणि ते दोघं बसून राहतात, जसे आपण कुठल्याही सरकारी ऑफिसात बसतो, कुणीतरी आपलं नाव पुकारेल म्हणून. मी हा सिनेमा बघताना कितीदा तरी घड्याळाकडे बघितलं, कंटाळा आला म्हणून नाही, अंधार पडायच्या आत यांना इथून कुणीतरी बाहेर काढा असं वाटत होतं म्हणून.

आपल्याकडे त्याच वर्षी ‘सैराट’ आला. दोन्ही सिनेमांतली भीती ओळखीची आहे. फक्त सैराट आपल्याला पळवत हैदराबादपर्यंत नेतो, किस्मत एका खोलीतून हलू देत नाही.

‘पण हा एका बाजूचा प्रचार नाही का?’

ही शंका येणारच, आणि ती झटकून टाकू नये असं मला वाटतं. केरळ आणि दोन धर्मांची लग्नं म्हटलं की देशभर लोकांना ‘द केरळ स्टोरी’ आठवतो, २०२३ चा हिंदी सिनेमा, केरळच्या मुलींना फसवून, धर्म बदलायला लावून आयसिसमध्ये नेलं असं सांगणारा, ज्याच्या जाहिरातीत आधी अशा ३२ हजार मुलींचा आकडा होता आणि नंतर तो बदलून ३ केला. हादियाचा खटलाही लोकांच्या लक्षात आहे, सज्ञान मुलीने धर्म बदलून केलेलं लग्न हायकोर्टाने २०१७ मध्ये रद्द केलं आणि मार्च २०१८ मध्ये सुप्रीम कोर्टाने ते पुन्हा कायम केलं.

तर शंका अशी की मल्याळी सिनेमावाले याला उत्तर म्हणून मुद्दाम गोड चित्र रंगवतात. पण खरंच गोड आहे का ते? अन्ना आणि रसूल एकत्र राहू शकत नाहीत, अन्ना जीव देते. किस्मतमध्ये सगळ्यात जास्त दबाव मुस्लिम घराकडूनच येतो आणि दिग्दर्शक स्वतः त्याच गावातला, त्याच समाजातला. २०१५ चा ‘एन्नु निन्टे मोइदीन’ तर मुक्कममधल्या मोइदीन आणि कांचनमाला यांच्या खऱ्या आयुष्यावरचा, त्यात तिला घरच्यांनी वर्षानुवर्षं घरात कोंडलं, मोइदीनवर खुद्द त्याच्या वडिलांनी चाकू चालवला, आणि दोघांनी चिठ्ठ्यांसाठी स्वतःची एक सांकेतिक लिपी तयार केली म्हणजे पकडलं तरी कुणाला वाचता येऊ नये. १९८२ मध्ये नदीत बोट उलटली तेव्हा इतरांना वाचवताना मोइदीन गेला, लग्न झालंच नव्हतं, आणि ती त्याची विधवा म्हणून राहिली. यात कुठल्याच धर्माला शाबासकी नाही.

प्रचार ओळखायची माझी साधी खूण आहे. प्रचारात तुम्हाला पहिल्या दहा मिनिटांत कळतं की कुणाचा राग करायचा. या सिनेमांमध्ये राग धरायला जावं तर समोर दिसतो तो थकलेला बाप, ज्याला उद्या त्याच गल्लीतून मान खाली घालून चालायचंय.

योगायोग बघा, ७१व्या राष्ट्रीय पुरस्कारांच्या यादीत सर्वोत्कृष्ट दिग्दर्शनाचा पुरस्कार ‘द केरळ स्टोरी’ला मिळाला आणि सर्वोत्कृष्ट मल्याळम सिनेमा ठरला क्रिस्टो टॉमीचा ‘उळ्ळोळुक्कु’. त्यात अंजू ख्रिश्चन घरातली, तिचं प्रेम राजीववर, आणि लग्न लावून दिलेलं थॉमसकुट्टीशी, नावांवरूनच काय ते समजतं. नवरा आजारी पडून जातो आणि कुट्टनाडमध्ये पूर आलेला, सगळीकडे पाणी, दफन करायला जमीन नाही, त्यामुळे पाणी ओसरेपर्यंत प्रेत घरात आणि सासू-सून समोरासमोर. सासू झालीय उर्वशी आणि सून पार्वती. केरळची एक गोष्ट इथेही आहे, मला तरी यातल्या केरळवर जास्त विश्वास बसतो कारण त्यात कुणीच पूर्ण चांगलं नाही.

‘मुलगी नेहमी दुसऱ्याच धर्माची का?’

ही तक्रार मुस्लिम प्रेक्षक बरीच वर्षं करतायत आणि त्यात तथ्य आहे. २०१२ चा ‘तट्टत्तिन मरयत्तु’ प्रचंड चालला, विनीत श्रीनिवासनचा, निविन पॉलीला स्टार करणारा. तट्टम म्हणजे डोक्यावरची ओढणी, नावाचा अर्थच ओढणीच्या आड. तलश्शेरीचा हिंदू विनोद आणि मुस्लिम आयशा. गाणी सुंदर, शेवट सुखाचा. पण आयशा त्यात माणूस कमी आणि चंद्र जास्त आहे, हिरोने बघत राहायचं आणि तिने ओढणीआडून उगवायचं. तिला काय वाटतं, कशाची भीती वाटते, आईशी काय बोलते, फारसं कळत नाही. हिरो बहुसंख्याक समाजातला, हिरोईन ‘सोडवून आणायची’, हा साचा आहे, आणि हिरो-हिरोईनचे धर्म उलटे केले की हाच साचा कुणालातरी कटकारस्थान वाटायला लागतो.

‘अन्नयुम रसूलुम’वरही माझी हीच तक्रार आहे, मला इतका आवडूनही. अन्ना फार कमी बोलते.

‘आणि जात?’

महाराष्ट्रातल्या वाचकाला हा प्रश्न पडायलाच हवा. धर्माच्या गोष्टीत जात लपवणं सोपं असतं. हिंदू मुलगा म्हटलं की कुठला हिंदू? मल्याळी सिनेमात तो बरेचदा नायर किंवा तत्सम घरातला असतो, मोठं घर, अंगणात तुळस. केरळच्या ख्रिश्चनांमध्येही जुने सीरियन ख्रिश्चन आणि किनाऱ्यावरचे लॅटिन कॅथलिक यांच्यात लग्नाच्या वेळी अंतर असतं, धर्म एकच असूनही. म्हणून किस्मतमधली अनिता महत्त्वाची. तिच्या बाबतीत तीन गोष्टी एकदम आड येतात, धर्म, जात आणि मुलापेक्षा पाच वर्षांनी मोठं असणं, आणि पोलीस स्टेशनमध्ये तिन्हीवरून टोमणे येतात. धर्माच्या भिंतीला जातीचीच वीट लागलेली आहे हे तो सिनेमा स्पष्ट दाखवतो. असे सिनेमे अजूनही फार थोडे आहेत, आणि हे त्या लाटेचं मोठं अपुरेपण आहे.

धर्माचा उल्लेखच नाही असंही असतं

एक वेगळा प्रकारही आहे आणि तो मला मनापासून आवडतो. २०१४ च्या ‘ओम शांती ओशाना’मध्ये पूजा मॅथ्यू आणि गिरी, दोन धर्म, आणि त्यावरून कुठलंही रामायण नाही, पूजाला गिरी हवाय आणि तो कसा मिळवायचा एवढाच प्रश्न. ‘कुंबळंगी नाइट्स’मध्ये बॉबीला काळजी वाटते की आम्ही ख्रिश्चन आहोत, आणि बेबी सहज म्हणून जाते की येशू काही आपल्याला अनोळखी नाही. विषय संपला, पाण्यावरून वारा येतोय, दोघं बसलेत.

हे खोटं आहे का? काही जण म्हणतील की असं कुठे असतं. पण केरळमध्ये अशी घरं आहेत, कमी आहेत पण आहेत, आणि खरं दाखवायचं म्हणजे फक्त दुःख दाखवायचं असं कुठे आहे. नाहीतर तरुण पोरांना वाटेल की दोन धर्मांचं प्रेम म्हणजे शेवटी प्रेतच.

मुंबई, रत्नागिरी आणि एक टेबल

शेवटचा सिनेमा आपल्या अंगणातला. पायल कपाडियाचा ‘ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट’, २०२४ मध्ये कान फेस्टिव्हलला ग्रां प्री मिळालेला. दिग्दर्शक मुंबईची, पण बोली मुख्यतः मल्याळम, कारण गोष्ट मुंबईतल्या मल्याळी नर्सची. प्रभा म्हणजे कनी कुसृती, अनु म्हणजे दिव्या प्रभा, आणि त्यांच्या हॉस्पिटलच्या कँटीनमधली पार्वती म्हणजे आपली छाया कदम, जिची खोली बिल्डर काढून घेतोय.

अनु हिंदू, तिचा शियाझ मुस्लिम. गाव लांब राहिलं, महल्लु नाही, कमिटी नाही, तरी दोघांना मुंबईत भेटायला जागा नाही. गर्दीत फिरतात, अंधारात थांबतात. मग एक दिवस शियाझच्या घरचे लग्नाला बाहेर जाणार असतात. अनु बुरखा विकत घेते, म्हणजे त्याच्या वस्तीत कुणी ओळखणार नाही. मुंबईचा पाऊस सुरू असतो, ती निघालेली असते आणि त्याचा मेसेज येतो की बेत फिसकटला, घरचे जाऊ शकले नाहीत. ती तिथेच थांबते, अंगावर नवीन बुरखा, हातात फोन. मी मुंबईच्या पावसात लोकलने इतकी वर्षं फिरलेय की त्या सीनमध्ये मला धर्माच्या आधी तो ओलेपणा आठवला, आणि मग कळलं की दोन धर्मांच्या पोरांना शहरात काय लागतं, चार भिंती आणि दोन तास, आणि तेही पावसाच्या मर्जीवर.

पार्वती मुंबई सोडून रत्नागिरीकडच्या आपल्या गावी परत जाते तेव्हा दोघी तिला पोचवायला जातात, आणि शियाझ गुपचूप मागोमाग येतो. प्रभाला हॉस्पिटलमध्ये अनुबद्दलची कुजबुज आधीच ऐकू आलेली असते, तिने अनुला त्यावरून टाकून बोललेलंही असतं. तिथे समुद्राकाठी रात्री एका छोट्या टपरीवर रंगीत दिवे लागलेत, तिघी बसल्यात. आणि प्रभा अनुला सांगते की त्यालाही बोलव. तो येतो, खुर्ची ओढून बसतो, कुणी त्याला काही विचारत नाही.